मेटिओरा आणि थर्मोपिली एकाच ट्रिपमध्ये करायचंय? मग आधी वार बघा

‘३००’ सिनेमा बघून थर्मोपिलीला पोचलेल्या माणसाचा पहिला प्रश्न ठरलेला असतो. खिंड कुठाय?

प्रश्न चुकीचा नाही. इसवी सन पूर्व ४८० मध्ये स्पार्टाचा राजा लिओनिडास इथेच पर्शियाच्या झर्क्सिसला आडवा गेला. एका बाजूला डोंगर, दुसऱ्या बाजूला समुद्र आणि मधून चिंचोळी वाट. बाजीप्रभूंची गोष्ट सांगताना आपल्याकडे जिचं उदाहरण हमखास दिलं जातं, तीच ही जागा. पण पावनखिंडीत आजही उतरलं की खिंड दिसते. थर्मोपिलीत समुद्रच दिसत नाही. स्पर्खिओस नदी अडीच हजार वर्षं गाळ आणून टाकत राहिली आणि किनारा काही किलोमीटर मागे सरकला. आता तिथे सपाट शेतं आहेत आणि मधून रस्ता जातो.

मग जायचं का? जायचं, पण फक्त त्यासाठी अथेन्सहून येऊन-जाऊन ४०० किलोमीटर नाही. मेटिओराला गाडीने जाणार असाल तर वाटेत थर्मोपिली करता येतं. दीड तास पुरतो.

तिथे लिओनिडासचा १९५५ सालचा पुतळा आहे, सगळे फोटो काढतात तो. त्याच्याच शेजारी १९९७ मध्ये उभारलेलं थेस्पियाच्या सैनिकांचं स्मारक आहे. हेरोडोटसच्या हिशोबाने थेस्पियाचे ७०० जण शेवटपर्यंत थांबले होते, पण सिनेमा निघाला तो ३०० वर. हे स्मारक चुकवू नका. रस्ता ओलांडला की कोलोनोस नावाची छोटी टेकडी आहे. शेवटची झुंज इथेच झाली असं मानतात, कारण १९३९ मध्ये स्पिरिडॉन मारिनाटोस यांना उत्खननात इथे मोठ्या संख्येने बाणांची टोकं सापडली. टेकडीवर उभं राहून समोरच्या रस्त्याच्या जागी पाण्याची कड आहे असं समजा. जुना किनारा साधारण तिथेच होता, त्यामुळे लढाई एकदम कळते. जवळ गरम पाण्याचे झरेही आहेत. थर्मोपिली म्हणजे ‘गरम दरवाजे’, नाव त्यावरूनच पडलं.

आता मेटिओरा.

थेसालीच्या मैदानातून सरळसोट वर आलेले खडक आणि त्यांच्या डोक्यावर मठ. चौदाव्या शतकापासून साधू इथे मठ बांधायला लागले. एकांत हवा होता आणि त्या धामधुमीच्या काळात जीव वाचवायलाही ही जागा बरी होती. वर जायला दोराच्या शिड्या, नाहीतर जाळीत बसायचं आणि वरच्यांनी ओढून घ्यायचं. खडकात नीट पायऱ्या खोदल्या गेल्या त्या १९२० च्या दशकात. एकेकाळी २४ मठ होते, आज ६ चालू आहेत. १९८८ पासून ही जागा युनेस्कोच्या यादीत आहे.

ट्रिप फसते ती इथे. प्रत्येक मठाची आठवड्याची सुट्टी वेगळी असते आणि हिवाळ्यात सुट्ट्या वाढतात, वेळा कमी होतात. अथेन्सहून एका दिवसात जाऊन येणारे बाराच्या सुमारास पोचतात आणि नेमका हवा तो मठ बंद असतो. त्यामुळे बुकिंगच्या आधी त्या-त्या मठाचा वार तपासा आणि पायथ्याच्या कालांबाका किंवा कास्त्राकी गावात दोन रात्री काढा. सहाही मठ बघायचा अट्टहास नको. ग्रेट मेटिओरॉन, वर्लाम आणि आणखी एखादा, एवढं भरपूर झालं.

सोबत आई-बाबा असतील आणि गुडघे कुरकुरत असतील, तर सेंट स्टीफनला न्या. तिथे छोटा पूल ओलांडला की थेट दारात. होली ट्रिनिटीला मात्र शंभरावर पायऱ्या आहेत. १९८१ च्या जेम्स बाँडपटात दिसलेला मठ तो हाच.

कपड्यांचे नियम कडक आहेत. पुरुषांना हाफ पँट चालत नाही, बायकांना गुडघ्याखाली जाणारा स्कर्ट लागतो, पँट चालत नाही. दारात गुंडाळायला कापड मिळतं, पण स्वतःचं एखादं ठेवलेलं बरं. चर्चच्या आत फोटो काढायचे नाहीत. हे म्युझियम नाही, लोक इथे राहतात. एकांतासाठी वर गेलेल्या माणसांच्या दारात आता रोज बसेस उभ्या राहतात, हे बघून थोडं अवघडायलाही होतं.

ग्रीसमधला दुसरा मोठा मठांचा प्रदेश म्हणजे माउंट एथॉस. तिथे बायकांना प्रवेशच नाही आणि पुरुषांनाही आधी परवाना काढावा लागतो. फॅमिली ट्रिपच्या यादीतून तो सरळ काढून टाका.

ट्रेनचं काय? सप्टेंबर २०२३ च्या डॅनियल वादळात थेसालीतल्या रेल्वेचं मोठं नुकसान झालं. त्यामुळे जुन्या ब्लॉगमधल्या ‘थेट ट्रेन’वर भरवसा ठेवू नका, आजची स्थिती तपासा. बस त्रिकाला शहरात बदलावी लागते. गाडी भाड्याने घेणार असाल तर इंटरनॅशनल ड्रायव्हिंग परमिट इथेच आरटीओतून काढून न्या.

परतताना वेळ उरला तर खेरोनियाला थांबा. इसवी सन पूर्व ३३८ मध्ये मॅसेडोनियाच्या फिलिपने इथे अथेन्स आणि थीब्जला हरवलं. रस्त्याच्या कडेला दगडी सिंह बसलाय, त्याच्या आवारात २५४ सांगाडे सापडले होते. मॅरेथॉन मात्र अथेन्सहून अर्ध्या दिवसात होतं. १९२ अथेनियन सैनिकांचा मातीचा ढिगारा तिथे अजून आहे.

व्हिसा शेंगेनचा. प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो आणि किमान ३० हजार युरोंचा प्रवास विमा लागतो. एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर हे महिने चांगले. फक्त ऑर्थोडॉक्स ईस्टरची तारीख वेगळी बघा, आपल्या कॅलेंडरवरची चालत नाही. २०२७ मध्ये आपल्याकडे छापलेला ईस्टर २८ मार्चला असेल, ग्रीसमधला २ मे रोजी. त्या आठवड्यात मठांच्या वेळा बदलतात आणि कालांबाकात खोल्याही लवकर भरतात.