पंचावन्नावा नंबर

जगात पंचावन्नावा नंबर म्हणजे चांगला की वाईट? आपल्याकडे युनिव्हर्सिटीत पंचावन्नावा आला तरी मुलगा होस्टेलभर पेढे वाटेल. टेनिसमध्ये मात्र पंचावन्नाव्या खेळाडूचं नाव कोणाला सांगता येत नाही. ब्रायन शेल्टनचं सगळ्यात वरचं रँकिंग तेवढंच, तेही १९९२ सालचं. आज त्याला ओळखतात ते बेन शेल्टनचे वडील म्हणून. पण मला मुलापेक्षा बापच जास्त इंटरेस्टिंग वाटतो, आणि त्याचं एक कारण स्वार्थी आहे. हा माणूस आपल्या जातीचा, म्हणजे इंजिनिअर आहे!

अलाबामातल्या हंट्सव्हिलचा ब्रायन अटलांटाच्या जॉर्जिया टेकमध्ये टेनिस खेळत खेळत इंडस्ट्रियल इंजिनिअरिंग शिकला. १९८९ मध्ये डिग्री घेतली आणि प्रोफेशनल झाला. (अटेंडन्सचं कसं जमवलं असेल, देव जाणे.) १९९१ आणि १९९२ अशी लागोपाठ दोन वर्षं त्याने न्यूपोर्टची गवतावरची स्पर्धा जिंकली. ही तीच स्पर्धा, जी आपल्या विजय अमृतराजने तीनदा जिंकली आणि जिथे १९९८ मध्ये लिएंडर पेसला एटीपीचं एकमेव सिंगल्स टायटल मिळालं. मग १९९४ चं विंबल्डन. शेल्टन क्वालिफाइंग खेळून आत आलेला, आणि पहिल्याच राउंडला समोर मायकेल स्टिक, १९९१ चा चॅम्पियन आणि त्या वर्षीचा दुसरा सीड. शेल्टनने त्याला सरळ तीन सेटमध्ये घरी पाठवलं आणि चौथ्या राउंडपर्यंत मजल मारली. करिअरचा कळस तोच. १९९७ मध्ये तो थांबला.

तिशी ओलांडलेली, पैसा बेताचा, नाव विसरलं जाणारं. अशा वेळी खेळाडू काय करतात? कोणी कॉमेंट्री करतं, कोणी अकॅडमी काढतं. शेल्टन १९९९ मध्ये आपल्याच कॉलेजात परतला, मुलींच्या टीमचा कोच होऊन. (‘प्रशिक्षक’ हा शब्द कॉन्व्हेंटमध्ये कधी लागलाच नाही, तेव्हा कोचच चालवून घ्या.)

आता अमेरिकेतलं कॉलेज टेनिस म्हणजे काय, ते सांगायला हवं, कारण ते टीव्हीवर दिसतं त्याहून फार वेगळं आहे. इथे टीम विरुद्ध टीम असते. आधी तीन डबल्स. त्यातल्या दोन जिंकणाऱ्या टीमला मिळून एकच पॉइंट. मग सहा सिंगल्स, प्रत्येकीला एक पॉइंट. एकूण सात. ज्याचे आधी चार होतील तो जिंकला, बाकी मॅचेस तिथेच थांबवतात. गंमत अशी की एक नंबर कोर्टवरच्या स्टारच्या विजयाला जेवढी किंमत, तेवढीच सहाव्या कोर्टवर घाम गाळणाऱ्याच्या विजयाला. म्हणून नुसता एक हिरो आणून भागत नाही. सहावा खेळाडू घडवावा लागतो. आणि पुरुषांच्या प्रोफेशनल टेनिसमध्ये वर्षानुवर्षं मॅच चालू असताना कोचने बोलायलाच बंदी होती. कॉलेजात तो कोर्टवर जाऊन समजावतो, ओरडतो, पाठ थोपटतो.

आणखी एक गणित होतं. तेव्हाच्या नियमाने मुलींच्या टेनिस टीमला आठ पूर्ण स्कॉलरशिप देता यायच्या, मुलांच्या टीमला फक्त साडेचार. १९७२ च्या टायटल नाइन कायद्यामुळे मुलामुलींच्या खेळांत समतोल ठेवावा लागतो, आणि मुलांच्या वाट्याच्या पंच्याऐंशीपर्यंत स्कॉलरशिप एकटं फुटबॉल खातं. मग साडेचार भाकऱ्या अख्ख्या टीममध्ये वाटा! (आता हे नियम बदललेत.)

शेल्टनने दोन्ही गणितं सोडवली. २००७ मध्ये जॉर्जिया टेकच्या मुलींनी यूसीएलएला हरवून नॅशनल टायटल घेतलं. कुठल्याही खेळातलं त्या कॉलेजचं ते पहिलं एनसीएए टीम टायटल. २०१२ मध्ये तो फ्लोरिडा युनिव्हर्सिटीत मुलांचा कोच झाला आणि २०२१ मध्ये तिथेही टायटल आलं. मुलं आणि मुली दोघांनाही चॅम्पियन करणारा तो पहिला कोच. फायनलमध्ये बेलरविरुद्ध चौथा, निर्णायक पॉइंट मिळवला पाचव्या कोर्टवर खेळणाऱ्या एका फर्स्ट इयरच्या पोराने. त्याचं नाव बेन शेल्टन.

कोचचा मुलगा म्हटल्यावर ‘वशिला’ हा शब्द आपल्या तोंडी आधी येणार. पण बापाने त्याला पाचव्या कोर्टवर ठेवलं होतं, पहिल्या नव्हे. पुढच्याच वर्षी, २०२२ मध्ये, बेन कॉलेजचा सिंगल्स चॅम्पियन झाला आणि मग प्रोफेशनल. २०२३ च्या जानेवारीत ऑस्ट्रेलियन ओपनला क्वार्टर फायनल गाठली. अमेरिकेबाहेरचा त्याचा तो पहिलाच प्रवास होता!

त्याच वर्षी जूनमध्ये ब्रायनने फ्लोरिडातली नोकरी सोडली. अकरा वर्षांची, चॅम्पियन टीमची, पक्की नोकरी. आमच्या घरी बाबांनी अशी सोडली असती तर आईने काय म्हटलं असतं, ते इथे छापता येणार नाही. तो मुलाचा पूर्ण वेळ कोच झाला. सप्टेंबरमध्ये बेन यूएस ओपनच्या सेमीफायनलला जोकोविचसमोर उभा होता, आणि स्टँडमध्ये बसलेल्या बापाने स्वतः कधी ग्रँड स्लॅमची सिंगल्स क्वार्टर फायनलही पाहिली नव्हती.