एकशे अठ्ठ्याऐंशी हप्ते

आर्थिक वर्ष संपलं की बँकेकडून एक कागद यायचा. त्यावर दोन आकडे असत: वर्षभरात भरलेलं व्याज आणि फिटलेलं मुद्दल. मी त्याची झेरॉक्स ऑफिसच्या अकाउंट्सला द्यायचो, मूळ प्रत बॉक्स फाइलीत लावायचो आणि विसरून जायचो. त्या कागदाचं काम एकच, इन्कम टॅक्स वाचवणं. गेल्या दिवाळीच्या आवराआवरीत माळ्यावरून ती फाइल खाली आली तेव्हा असे सतरा कागद निघाले. पहिला २००४-०५ चा, शेवटचा २०२०-२१ चा. शेवटच्या कागदावर व्याज होतं छत्तीस रुपये. जमिनीवर बसून मी पहिल्यांदाच सगळ्या कागदांची बेरीज केली. कर्ज घेतलं होतं १२ लाखांचं आणि व्याज भरलं होतं १२ लाख ८२ हजार.

आकडा मोठा होता, पण धक्का त्याचा नव्हता. कर्ज घेताना वीस वर्षांच्या हिशेबाने जे व्याज होणार होतं, ते होतं ११ लाख २० हजार. मी कर्ज सव्वाचार वर्षं आधीच फेडलं होतं आणि त्याची कॉलर ताठ करून फिरत होतो. लवकर फेडूनही व्याज दीड लाखाहून जास्त गेलं, ते कुठे? ते शोधायला मागे जावं लागलं.

माझ्या वडिलांच्या पिढीचा क्रम उलटा होता. आयुष्यभर भाड्याच्या दोन खोल्या, आणि निवृत्तीनंतर फंडाच्या पैशातून घर. हसमुखभाई पारेखांनी १९७७ साली मुंबईत एचडीएफसी काढली ती हाच क्रम बदलायला: म्हातारपणी घर बांधण्यापेक्षा तरुणपणी घ्यावं आणि पगारातून फेडावं. १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक आली. तरी नव्वदच्या दशकात गृहकर्जाचा दर पंधरा टक्क्यांच्या आसपास असे, आणि हप्ता दरमहा भरला तरी मुद्दलातली घट वर्षअखेरीसच धरायची, अशी पद्धत अनेक ठिकाणी होती. आमच्या घरात कर्ज हा शब्द हळू आवाजातच बोलला जायचा.

२००४ पर्यंत हवा पार बदलली होती. दर साडेसात टक्के, व्याज मासिक घटत्या शिलकीवर, शिवाय व्याजावर दीड लाखापर्यंत करात वजावट. सिंहगड रस्त्यावर, धायरी फाट्याच्या अलीकडे आम्ही साडेआठशे चौरस फुटांचा फ्लॅट पाहिला. स्टॅम्प ड्यूटी, रजिस्ट्रेशन, मीटरचे पैसे असं सगळं धरून साडेपंधरा लाखांच्या घरात जात होता. बँकेचा एजंट घरी आला, चहा घेतला आणि म्हणाला, “सर, महिन्याला हप्ता किती झेपेल तेवढं सांगा. बाकी मी बसवतो.”

मी दहा हजार म्हणालो. त्याने १२ लाख, २० वर्षं, ९,६६७ रुपये असं बसवून दिलं. पगार होता एकवीस हजार. “मुदत किती?” हे मी विचारल्याचं मला आठवत नाही. वीस वर्षं हा आकडा अर्जात छापलेलाच असावा, तसा तो वाटला.

पहिल्या हप्त्यातले साडेसात हजार व्याजाला गेले आणि २,१६७ रुपये मुद्दलाला. यात फसवणूक काही नव्हती. बारा लाखांवर साडेसात टक्क्यांनी महिन्याचं व्याज तेवढंच होतं. हप्ता सपाट दिसतो, पण आतून तो उतरंडीसारखा असतो. सुरुवातीची मडकी जवळजवळ सगळी व्याजाची, मुद्दलाची मोठी मडकी अगदी शेवटी. दोन वर्षांत मी २ लाख ३२ हजार भरले आणि मुद्दल उतरलं ५६ हजारांनी. हे सगळं त्या प्रमाणपत्रांवर छापलेलं होतं. मी वाचत होतो फक्त व्याजाचा रकाना, कारण जास्त वजावट त्यात होती. व्याज जितकं जास्त तितका मी खूष.

२००६ च्या पावसाळ्यानंतर दर साडेनऊवर गेला. (वाचायला सोपं जावं म्हणून मधले बारीक चढउतार मी गाळले आहेत.) हप्ता मात्र तेवढाच राहिला. बँकेचं एक पत्र आलं, त्याच्या तिसऱ्या परिच्छेदात ‘सुधारित मुदत’ होती. माझे २१६ हप्ते उरले होते, त्यांचे ३५० झाले होते. म्हणजे अठरा वर्षांची एकोणतीस वर्षं झाली. मी पत्र वाचलं, हप्ता वाढला नाही म्हणून सुटकेचा श्वास सोडला आणि फाइलीत लावलं. पत्रावर आजही माझ्या हातची निळ्या शाईची खूण आहे: “हप्ता तोच.”

मार्च २००७ मध्ये दर साडेअकरा झाला. आता नुसतं व्याजच महिन्याला १०,९२८ रुपये होत होतं, म्हणजे माझा हप्ता व्याजालाही पुरेना. बँकेने हप्ता १२,१६१ केला आणि मुदत नव्याने मांडली: २४० महिने. अडीच वर्षं हप्ते भरून मी पुन्हा वीस वर्षांच्या पहिल्या पायरीवर उभा होतो. त्या वर्षी बायकोने एम.एड.चा फॉर्म आणून ठेवला होता, तो भरला नाही. पुढच्या वर्षी मला नाशिकच्या एका कारखान्यात बरी जागा मिळत होती, पण हप्ता डोक्यावर असताना पायाखालची नोकरी कोण सोडतो? कर्जाच्या या किमती कुठल्याच प्रमाणपत्रावर येत नाहीत.

दर वर गेले याचा दोष बँकेला देता येणार नाही. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर २००४ मध्ये ६ टक्के होता, तो जुलै २००८ मध्ये ९ वर गेला होता. राग पुढच्या गोष्टीचा आहे. जगभरची मंदी आली आणि एप्रिल २००९ पर्यंत रेपो ४.७५ वर उतरला. वर जाताना माझा दर त्याच्याबरोबर पळाला होता, उतरताना तो जागचा हलला नाही. फेब्रुवारी २००९ मध्ये स्टेट बँकेने नव्या ग्राहकांना पहिल्या वर्षासाठी ८ टक्क्यांची योजना काढली, इतर बँकाही तशाच योजना घेऊन आल्या. आमच्याच सोसायटीत नवा आलेला शेजारी आठने भरत होता आणि मी साडेअकराने. ‘फ्लोटिंग’ हा शब्द मला तेव्हा नीट कळला. भरतीला वर जाणारी आणि ओहोटीला खडकावर अडकून बसणारी होडी.

ऑगस्ट २०१० अखेरचा हिशेब असा: सहा वर्षांत आठ लाख भरले आणि मुद्दल १ लाख २३ हजारांनी उतरलं. १० लाख ७७ हजार अजून बाकी, १९८ हप्ते शिल्लक. हरवलेले दीड लाख आणि त्याहून जास्त याच सहा वर्षांत गेले होते.

ऑफिसातल्या एका सहकाऱ्याने जेवणाच्या सुट्टीत सहज विचारलं, “तू कन्व्हर्जन केलं नाहीस अजून?” असं काही असतं हेच मला ठाऊक नव्हतं. जुलै २०१० पासून रिझर्व्ह बँकेने जुनी पीएलआर पद्धत बदलून ‘बेस रेट’ आणला होता आणि जुन्या ग्राहकाला अर्ज करून नव्या दरावर जाता येत होतं. पण अर्ज केला तर. मी शाखेत गेलो. काउंटरवरच्या मॅडम म्हणाल्या, “काका, तुम्ही विचारलंत म्हणून. नाहीतर आम्ही कोणाला फोन करत नाही.” शिल्लक कर्जाच्या अर्धा टक्का, म्हणजे ५,३८५ रुपये भरून दर सव्वादहा झाला. मॅडमनी विचारलं, हप्ता कमी करू की मुदत? सहा वर्षांत पहिल्यांदा मी मुदत म्हणालो. १९८ चे १६६ झाले. एक अर्ज, एक चेक आणि बत्तीस महिने गळाले.

५ जून २०१२ रोजी रिझर्व्ह बँकेने बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड आकारायला बँकांना मनाई केली. त्याआधी हा दंड दोन टक्क्यांपर्यंत असे. आमची दीड लाखाची एक ठेव होती, नऊ टक्के व्याजाची. त्या व्याजावर कर भरायचा, आणि त्याच वेळी कर्जावर सव्वादहा द्यायचे. ठेव मोडायला बायको तयार नव्हती. “हाताशी काही असू दे,” हे तिचं म्हणणं चुकीचं नव्हतं, म्हणून सहा महिन्यांच्या खर्चाएवढी दुसरी ठेव तशीच ठेवली आणि ही मोडली. जुलैत दीड लाख मुद्दलात भरले. हप्ते १४४ होते, ते १०८ झाले. छत्तीस हप्ते म्हणजे सव्वाचार लाखांहून जास्त रक्कम, दीड लाखाच्या बदल्यात.

“टॅक्स वाचतोय, कर्ज कशाला फेडतोस?” असं तेव्हा निम्मं ऑफिस म्हणायचं. वीस टक्क्यांच्या पायरीत बसणाऱ्याला शंभर रुपये व्याज दिल्यावर वीस परत मिळतात, ऐंशी जातातच. माझ्या सगळ्या व्याजावर सरासरी वीस टक्के धरले तरी अडीच लाखांच्या आसपास कर वाचला असेल. दहा लाखांहून जास्त गेलेच. आज नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची ही वजावटही मिळत नाही.

एप्रिल २०१६ मध्ये बेस रेट जाऊन ‘एमसीएलआर’ आला. आता मी वाट पाहत बसलो नाही. त्याच पावसाळ्यात पुन्हा अर्ज केला, दर साडेनऊ झाला, आणि पगार वाढला होता म्हणून हप्ता आपणहून पंधरा हजार केला. साठचे शेहेचाळीस झाले. २००४ मध्ये ९,६६७ रुपये म्हणजे जवळजवळ अर्धा पगार होता, २०१६ मध्ये पंधरा हजार म्हणजे चौथा हिस्सा. महागाई बाकी सगळीकडे आपल्याला लुटते, कर्जदाराच्या बाजूने मात्र ती गुपचूप उभी असते, हेही जमाखर्चात लिहायला हवं.

शेवटचा, एकशे अठ्ठ्याऐंशीवा हप्ता एप्रिल २०२० मध्ये गेला: ४,५७० रुपये. टाळेबंदी होती. रिझर्व्ह बँकेने हप्ते पुढे ढकलण्याची सवलत दिली होती आणि सोसायटीतल्या कित्येकांनी ती घेतली. काहींच्या पगाराचाच पत्ता नव्हता, त्यांना इलाज नव्हता. काहींना ती सुट्टी वाटली. व्याज तेव्हाही चालूच होतं. मूळ कागदपत्रं मिळायला मला दिवाळी उजाडली. आता कर्ज फिटल्यापासून तीस दिवसांत ती परत देणं बंधनकारक आहे, नाहीतर बँकेला दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम डिसेंबर २०२३ पासूनचा.

एकूण भरले २४ लाख ८२ हजार. २००७ ची ती नवी मुदत मुकाट्याने स्वीकारून गप्प बसलो असतो आणि दर साडेअकराच राहिला असता, तर फेब्रुवारी २०२७ पर्यंत भरत राहिलो असतो, एकूण ३२ लाखांच्या वर. बत्तीस, छत्तीस आणि चौदा असे ब्याऐंशी महिने दोन अर्जांनी आणि एका मोडलेल्या ठेवीने कापले. घर घेतल्याचा पश्चात्ताप मला नाही. भाड्याने राहिलो असतो तर भाडंही वाढतच गेलं असतं. खंत आहे ती पहिल्या सहा वर्षांची. कर्जाचा दर मला माहीत होता, हप्ता तोंडपाठ होता, पण किंमत ठरत होती महिन्यांत, आणि महिने मी मोजत नव्हतो.

भाच्याने २०२१ मध्ये वाकडला फ्लॅट घेतला. ५० लाख कर्ज, पावणेसात टक्के, वीस वर्षं, हप्ता ३८,०१८. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात, त्यामुळे माझ्यासारखं खडकावर अडकणं आता कमी झालं आहे. पण मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो ४ वरून साडेसहावर गेला आणि भाच्याचा दर सव्वानऊ झाला. व्याजच सदतीस हजारांच्या पुढे, मुद्दलाला हजार रुपयेही उरेनात. “मामा, हप्ता वाढला नाही, बरं झालं ना?” तो फोनवर म्हणाला. मी त्याला ते निळ्या शाईच्या खुणेचं पत्र व्हॉट्सॲपवर पाठवलं.

त्याने हप्ता ४५,५०० केला आणि उरलेली मुदत पुन्हा २२२ महिन्यांवर आणली. सोपं नव्हतं, गाडीचा विचार पुढे गेला. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारलंच पाहिजे. माझ्या वेळी हा प्रश्न तिसऱ्या परिच्छेदात आपोआप सुटलेला असायचा.

२०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो पूर्ण एक टक्का उतरला. बँकेने भाच्याला विचारलं, हप्ता कमी करू का? तो नको म्हणाला. रविवारी जेवायला आला तेव्हा मी सवयीने विचारलं, “मग किती वाचले?” मला रुपये अपेक्षित होते.

“बावीस महिने,” तो म्हणाला आणि भाताला हात घातला.