मोबाईलमधलं घर, घरातला नाच



बचत गटाच्या बैठकीत हप्ते जमा झाले, रजिस्टरवर सह्या-अंगठे झाले, की बोलणं हमखास पोरींच्या फोनवर येतं. ‘दिवसभर कुठलं तरी घर मांडत बसते.’ ‘त्यातली माणसं नाचतात आणि ही बघत राहते.’ आणि शेवटचं वाक्य ठरलेलं, ‘फोनच काढून घ्यावा म्हणते.’ काढून घ्यायचा की नाही ते तुमचं तुम्ही ठरवा. त्याच्या आधी तो खेळ काय आहे आणि त्यात घरी नाचाचा कार्यक्रम कसा मांडतात, ते आज समजून घेऊ. हे घर-घर खेळायचे गेम दोन तऱ्हेचे असतात. आपल्या पोरीचा कुठल्या तऱ्हेचा आहे ते कळलं, की काळजी एकतर कमी होते, नाहीतर नेमक्या जागी लागते.

आधी एक गैरसमज बाजूला करू. रमीसारखे पैसे लावून खेळायचे ऑनलाइन गेम वेगळे. त्यांच्यावर संसदेनं २०२५ च्या ऑगस्टमध्ये कायदा करून बंदी आणली. आपण बोलतोय ते गेम म्हणजे भातुकली. फरक एवढाच, की चूल, बोळकी आणि बाहुली सगळं काचेच्या आत असतं.

या भातुकलीतलं सगळ्यात नावाजलेलं नाव म्हणजे ‘द सिम्स’. अमेरिकेतल्या विल राईट नावाच्या माणसानं तो बसवला. १९९१ साली कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या डोंगरात मोठा वणवा लागला, त्यात त्याचं राहतं घर जळालं. पुन्हा सगळं उभं करताना माणसाला घरात खरोखर काय काय लागतं, कशाच्या आधी काय घ्यावं लागतं, याचा तो विचार करत गेला आणि त्यातून हा खेळ सुचला. कंपनीत सुरुवातीला नाकं मुरडली गेली. हे तर बाहुलीघर, पोरींचं काम, हे कोण विकत घेणार, असा सूर होता. २००० च्या फेब्रुवारीत गेम बाजारात आला आणि दोनच वर्षांत कॉम्प्युटरवरचा तोपर्यंतचा सगळ्यात जास्त खपलेला गेम ठरला. खेळणाऱ्यांत बाया-मुलींचा भरणा मोठा होता. बाहुलीघराला नावं ठेवणाऱ्यांना ते परस्पर उत्तर मिळालं, असं मला वाटतं.

त्याचा चौथा भाग, ‘द सिम्स ४’, २०१४ साली आला आणि २०२२ च्या ऑक्टोबरपासून त्याचा मूळ गेम फुकट झाला. तो कॉम्प्युटरवर किंवा टीव्हीला जोडायच्या गेमच्या यंत्रावर चालतो, साध्या मोबाईलवर नाही. पुण्या-नांदेडला शिकणारी थोरली बहीण सुट्टीत लॅपटॉप घेऊन आली, की धाकट्या तिला चिकटतात, ते बहुधा याच्यासाठी. फोनवरचा याचा भाऊबंद ‘द सिम्स फ्रीप्ले’. त्यात वेळ खऱ्या घड्याळाप्रमाणे चालते, म्हणून पोरगी मधूनमधून फोन उघडून बघत असते. चुलीवर डाळ ठेवलेली बाई दर थोड्या वेळानं झाकण उघडते, तसंच.

आता नाचाचा कार्यक्रम. तो ‘सिम्स ४’ मध्ये कसा मांडतात ते सांगते.

एकटं माणूस नवं घर घेतं तेव्हा गाठीशी २०,००० सिमोलियन असतात. सिमोलियन म्हणजे त्या जगातला रुपया. त्यातून जागा, भिंती, दारं, पलंग, शेगडी, सगळं बसवायचं. घर बांधताना खेळातलं घड्याळ थांबतं, त्यामुळे घाई नसते. नाचासाठी एक खोली मोकळी ठेवायची. तिच्यात गाणी लावायचा स्टिरिओ ठेवायचा आणि आजूबाजूला पावलं टाकायला जागा सोडायची. पोरी इथंच फसतात. हौसेनं सोफा, कुंड्या, टेबलं कोंबतात, दारात काहीतरी अडकवतात. वाट अडली की त्यातली माणसं जागच्या जागी उभी राहून हात हलवून कुरकुर करतात. पंचमीचा फेर धरायचा म्हणल्यावर आपण आधी अंगणातली बाज उचलून भिंतीला टेकवतो की नाही? त्यातलाच हा प्रकार.

मग खेळातल्या माणसाच्या हातातल्या फोनवरून आवतन द्यायचं. वाढदिवस, लग्न, जेवणाची पंगत, घरगुती पार्टी असे प्रकार असतात, त्यातली घरगुती पार्टी निवडायची. यजमानीण कोण, पाहुणे कोण, जागा कुठली, हे ठरवायचं. पाहुण्यांत एकमेकांशी पटणारे बोलवावेत. भांडणारे दोघं एका खोलीत आले तर गाणं बाजूला राहतं. हवं तर स्वयंपाकाला भाड्यानं माणूस लावता येतो. पार्टी सुरू झाली की कामांची यादी येते आणि ठरलेल्या वेळात जितकी कामं झाली तसं कांस्य, रौप्य किंवा सुवर्ण पदक मिळतं. स्टिरिओ लावला की आवाजाच्या टप्प्यातली माणसं आपणहून येऊन नाचायला लागतात. गाण्यातला एक शब्द कळत नाही, कारण खेळातली बोलीच बनवलेली, ‘सिम्लिश’ नावाची. त्या बोलीपुढं कळमनुरीची पोर आणि लंडनची पोर सारखीच अडाणी! बटणांवरची नावं मात्र इंग्रजी असतात. कितीक पोरींचं इंग्रजी त्या बटणांनी सुधारतं, हेही खरं.

नाचाची खास फरशी आणि डीजेचा कट्टा ‘गेट टुगेदर’ नावाच्या जोडभागात मिळतो. तो विकतचा आहे, खऱ्या पैशांचा. पार्टी त्याच्यावाचून अडत नाही. खेळातला पैसा संपला तर तेही अडत नाही. एक गुपित शब्द टाईप केला की घरात ५०,००० सिमोलियन जमा होतात. बँकेच्या साहेबाला सांगायला असा शब्द आपल्याला कुणी दिला असता तर!

पण पार्टी रंगते की पडते, ते या सामानावर ठरत नाही. प्रत्येक माणसाच्या सहा गरजा तिथं पट्टीनं दाखवलेल्या असतात: भूक, झोप, अंगाची स्वच्छता, मजा, चार माणसांत मिसळणं आणि लघवी. पट्टी हिरवी असली की बरं, लाल झाली की माणूस नाच सोडतं. नवी खेळणारी नाचाची खोली झकास करते आणि सगळ्या घराला संडास एकच ठेवते. मग गाणं रंगात येतं आणि पाहुणे त्या एका दाराशी ताटकळत उभे. वेळ गेली तर उभ्या जागी फजिती होते आणि तो माणूस लाजेनं चूर होऊन बसतो. यावर पोरी हसतात. मला त्यात हसण्यासारखं कमी दिसतं. लग्नाच्या मांडवात, यात्रेत, आपल्याच गटाच्या मेळाव्यात किती बाया सकाळपासून पाणी पीत नाहीत, कारण जायला जागा नाही? हळदीला नाचायची हौस असते, पण पाय अवघडून एका जागी बसलेल्या बाया मी बघितल्यात. मांडवाचा आणि डीजेचा हिशेब होतो, बायांच्या संडासाचा होत नाही. त्या गेमात तो केल्याशिवाय पदक मिळत नाही.

यजमानणीचंही तसंच. ती एकेक ताट करत बसली तर पार्टीची वेळ चुलीपाशी जाते. म्हणून आठ जणांना पुरेल असं एकदम रांधायचं, तेही पाहुणे यायच्या आधी. स्वयंपाकात कच्च्या माणसाला घाईनं शेगडीपाशी उभं केलं तर आग लागू शकते, मग कसला नाच. उष्टी ताटं तशीच पडू दिली तर वास सुटतो आणि पाहुण्यांचा मूड जातो. आपल्याकडं मंगळागौर जागवतात, वाशिम-यवतमाळकडून आलेल्या सुना भुलाबाईच्या आठवणी काढतात, तांड्यावर तीजेला गव्हाच्या टोपल्यांभोवती पोरी नाचतात. घरच्या बाईला त्या फेरात हात धरायला किती वाजता मिळतं, ते ज्या त्या घरानं बघावं. पोरगी मात्र खेळता खेळता हे शिकते, की घरवालीला नाचायचं असेल तर स्वयंपाकाची सोय आधी लावावी लागते. मला ते शिकणं वाया गेलेलं वाटत नाही.

आता दुसरी तऱ्हा. इथं कान देऊन ऐका.

‘सिम्स ४’ मध्ये पाहुणे म्हणजे यंत्रानं चालवलेल्या बाहुल्या. पोरगी एकटीच खेळत असते. पण ‘अवाकिन लाईफ’ नावाचा ब्रिटनच्या कंपनीचा फोनवरचा गेम आहे, किंवा ‘रोब्लॉक्स’मधलं ‘ब्रुकहेवन’ आहे. दिसायला तेही घर, सजावट, कपडे आणि नाचच. फरक असा, की तिथं घरात आलेली बाहुली कुणीतरी खरं माणूस हलवत असतं. ते शेजारच्या गावचं असेल, परदेशातलं असेल, बारा वर्षांचं असेल, चाळीस वर्षांचंही असेल. तोंडावर बाहुलीचा मुखवटा असल्यामुळे कळायला मार्ग नाही. सगळे वाईट नसतात, बरेचसे पोरंपोरीच असतात. तरी अनोळखी माणसाला रात्री घरात घेतल्यासारखं ते आहे, आणि पोरीला तसं वाटत नाही, कारण ती स्वतःच्या घरात, आईच्या शेजारी गोधडीत असते.

म्हणून पोरीला एकच प्रश्न आधी विचारा: ‘तुझ्या घरी आलेले पाहुणे यंत्राचे का खरे?’ ती बरोबर सांगेल, तिला ते माहीत असतं. खरे असतील तर घराचं दार ओळखीच्यांपुरतं ठेवायची सोय आहे का, ते तिच्यासोबत बसून सेटिंगमध्ये बघा. खरं नाव, गाव, शाळा, फोटो तिथं द्यायचा नाही. कुणी कपडे, दागिने, नाचाचे नवे प्रकार फुकट भेट देऊ लागलं आणि मग ‘व्हॉट्सॲपवर ये’ म्हणालं, तर तिथंच थांबायचं, त्याला ब्लॉक करायचं आणि आईला सांगायचं. आणि तिनं सांगितलं तर आईनं त्या दिवशी फोन हिसकावायचा नाही. हिसकावला तर पुढच्या वेळी ती सांगणार नाही, एवढं नक्की.

पैशाचंही बघून ठेवा. यातल्या बऱ्याच गेममध्ये नाणी, कपडे, नाच विकत मिळतात, आणि आपल्या फोनवर यूपीआय जोडलेलं असतं. प्ले स्टोअर उघडा, वरच्या कोपऱ्यातल्या गोलावर बोट ठेवा, सेटिंग्जमध्ये जा. प्रत्येक खरेदीच्या वेळी पडताळणी मागायची सोय तिथं आहे, ती चालू करा. यूपीआयचा पिन पोरीला ठाऊक नसावा, आणि पोराला तर नसावाच. पैसे फसवून गेले तर उशीर न करता १९३० या नंबरवर फोन करा. पोरीला कुणी त्रास देत असेल तर लहान मुलांसाठीचा १०९८ आहे. हे दोन आकडे गटाच्या रजिस्टरच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

राहिला वेळेचा प्रश्न. ‘बंद कर म्हणलं की चिडते’, ही तक्रार औंढ्यापासून वसमतपर्यंत सारखीच. त्यात एक गोष्ट आपल्याला माहीत नसते. ‘सिम्स ४’ मध्ये मांडलेलं घर आपण होऊन सेव्ह करावं लागतं. सेव्ह न करता बंद केलं, किंवा चार्जिंग नसताना लाईट गेली, तर मागच्या वेळी सेव्ह केल्यानंतर केलेलं सगळं जातं. भिंती, पाहुणे, पदक, काहीच राहत नाही. तेव्हा जेवायला हाक मारायची असेल तर पाच मिनिटं आधी मारा, आणि हाकेतच सांगा, ‘सेव्ह कर आणि ये.’