भंडाऱ्याची पोटनिवडणूक

लोकसभेतील एखादी जागा मुदतीपूर्वी रिकामी झाली म्हणजे पोटनिवडणूक होते. वर्तमानपत्रांत तिची बातमी चार दिवस गाजते व विरून जाते. परंतु काही पोटनिवडणुका अशा असतात की, त्यांच्या निमित्ताने राज्यघटनेची कलमे ग्रंथातून उठून मतदाराच्या दारी उभी राहतात. सन १९५४ मधील भंडाऱ्याची पोटनिवडणूक ही त्यांपैकीच होय. आम्हा रत्नागिरीकरांस तिचे अगत्य वाटण्यास आणखीही एक कारण आहे. तीत पराभूत झालेले डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे मूळ गाव आंबडवे हे आमच्याच जिल्ह्यातील मंडणगड तालुक्यात आहे, आणि त्यांच्या पत्नी रमाबाई यांचे माहेर वणंद हे दापोलीजवळचे.

प्रथम ही निवडणूक का घ्यावी लागली ते पाहू. भंडारा जिल्हा त्या काळी मध्यप्रदेश राज्यात होता व तेथील मतदारसंघ दोन सभासदांचा होता. एक जागा सर्वसाधारण, दुसरी अनुसूचित जातींसाठी राखीव. सन १९५२ च्या सार्वत्रिक निवडणुकीत देशात असे ८६ मतदारसंघ होते. दोन सभासद एकाच मतदारसंघातून पाठविण्याची चाल इंग्लंडातही शतकानुशतके होती. तेथील असले शेवटचे मतदारसंघ १९५० साली बंद झाले.

१९५२ साली भंडाऱ्याच्या सर्वसाधारण जागेवर निवडून आलेले चतुर्भुज जसाणी हे बिड्यांच्या एका पेढीचे भागीदार होते आणि सैनिकांसाठी बिड्या पुरविण्याचा त्या पेढीचा सरकारशी करार होता. असा करार असणाऱ्यास सभासदत्व नाही, असे कायदा सांगतो. दुसरा मुद्दा याहून सूक्ष्म होता. राखीव जागेसाठी गंगाराम ठवरे यांनी भरलेला अर्ज नाकारण्यात आला होता. कारण असे की, त्यांनी महानुभाव पंथ स्वीकारला असल्याने ते महार राहिले नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९५४ मध्ये या दोन्ही मुद्द्यांचा उलगडा केला. जसाणी अपात्र ठरले. आणि पंथ पालटला तरी ज्ञाती जोवर त्या माणसास आपला मानते व तोही तिला आपली मानतो, तोवर जात सुटत नाही, असे ठरून ठवरे यांचा अर्ज नाकारणे चूक ठरले. उंबरठ्यावरच्या दिव्याने घर व अंगण दोन्ही उजळावी, तसा हा देहलीदीपन्याय झाला. दोन्ही जागा रिकाम्या झाल्या व मे १९५४ मध्ये पुन्हा मतदान झाले.

त्या काळी प्रत्येक उमेदवाराची चिन्हांकित पेटी वेगळी असे. मतदारास मते दोन, परंतु दोन्ही एकाच उमेदवारास देता येत नसत. अर्थात आपल्या मनातील उमेदवारास एक मत दिल्यावर दुसऱ्या मताचे काय करावे, हा प्रश्न प्रत्येक मतदारापुढे उभा राही. निकाल असा लागला की, सर्वसाधारण जागेवर प्रजा समाजवादी पक्षाचे अशोक मेहता विजयी झाले आणि राखीव जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर. १९५२ साली मुंबईत पराभूत झालेले बाबासाहेब येथेही मागे पडले. ज्यांनी राज्यघटनेचा मसुदा करणाऱ्या समितीचे अध्यक्षपद भूषविले, त्यांस त्याच घटनेखालील लोकसभेत थेट मतदाराच्या हातून प्रवेश मिळाला नाही. राज्यसभेचे सभासदत्व मात्र त्यांजकडे १९५६ मधील निधनापर्यंत होते.

या पराभवाचे मूळ केवळ भंडाऱ्यात शोधणे बरोबर नाही. बाबासाहेबांनी अस्पृश्य समाजासाठी स्वतंत्र मतदारसंघ मागितले होते. सप्टेंबर १९३२ च्या पुणे कराराने त्यांऐवजी संयुक्त मतदारसंघात राखीव जागा देण्याचे ठरले. म्हणजे उमेदवार अनुसूचित जातीचा, परंतु त्यास निवडणारे सर्व जातींचे. एखाद्या समाजाचा सर्वमान्य पुढारी इतरांच्या मतांवाचून निवडून येऊ नये, ही या व्यवस्थेची कठोर बाजू होय. उलट, इतर समाजांस त्याच्याशी बोलल्यावाचून व त्याचे म्हणणे ऐकल्यावाचून गत्यंतर नसावे, ही तिची आशा होय. भंडाऱ्यात कठोर बाजू दिसली. आशेची बाजू मतदारांनी पुरी करावयाची असते, कायद्याने नव्हे.

दोन सभासदांचे मतदारसंघ १९६१ च्या कायद्याने रद्द झाले. बौद्ध धर्म स्वीकारलेल्या अनुसूचित जातींच्या लोकांस राखीव जागांचा हक्क १९९० साली मिळाला. हे बदल झाले तरी संयुक्त मतदानाचे तत्त्व तेच आहे. म्हणून ‘राखीव जागा आहे, आपले त्यात काय?’ असे जे उद्गार सुशिक्षित घरांतूनही ऐकू येतात, ते अज्ञानाचे होत. तेथे निवडून कोण यावे हे ठरविण्यात आपल्या घरातील प्रत्येक मताचा वाटा असतो, आणि ते मत न दिले तरी त्याचा परिणाम चुकत नाही. घरातील वडीलधाऱ्यांनी मुलांस नागरिकशास्त्र शिकविताना इतके तरी अवश्य सांगावे.