खऱ्या चित्रफितीवर विश्वास कोण ठेवणार?

डीपफेक म्हटलं की आपल्याला आधी फसवणूक आठवते, आणि ते बरोबरच आहे. जानेवारी २०२४ मध्ये सचिन तेंडुलकर एका गेमिंग ॲपची भलामण करतोय, अशी चित्रफीत फिरली. चेहरा त्याचा, आवाजही त्याचाच वाटावा असा. शब्द मात्र त्याचे नव्हते. सचिनने स्वतः ती खोटी असल्याचं जाहीर केलं, मुंबईत गुन्हा नोंदवला गेला. त्याचं लोकांनी ऐकलं. तुमचं-आमचं कोण ऐकणार, हा प्रश्न उरतोच.

पण आज आपल्याला बोलायचंय ते याच्या उलट बाजूबद्दल. आफ्रिकेतल्या गॅबॉनचे अध्यक्ष अली बोंगो ऑक्टोबर २०१८ मध्ये आजारी पडले, परदेशात उपचार घेत राहिले. मग नववर्षाच्या भाषणाची चित्रफीत आली. चेहरा ताठरलेला, पापण्या फारशा लवत नाहीत. विरोधकांतून आवाज उठला, हा डीपफेक आहे! ७ जानेवारी २०१९ ला काही सैनिकांनी उठाव केला आणि निवेदनात त्याच भाषणाकडे बोट दाखवलं. उठाव फसला. पुढे तज्ज्ञांनी चित्रफीत तपासली, तर फेरफाराचा पुरावा सापडला नाही. अध्यक्षांना पक्षाघाताचा झटका येऊन गेला होता, इतकं साधं कारण असावं.

चेस्नी आणि सिट्रन या अमेरिकी कायदेअभ्यासकांनी या प्रकाराला ‘लबाडाचा लाभांश’ अशा अर्थाचं नाव दिलंय. बनावट चित्रफिती बनतात हे सगळ्यांना कळलं, की खऱ्या चित्रफितीत सापडलेला माणूससुद्धा ‘हे तर एआयचं’ म्हणून मोकळा होतो.

समजा, कार्यालयात झालेला त्रास एका कर्मचारी बाईने मोबाइलवर टिपलाय. ‘खोटं आहे’ म्हणायला समोरच्याला पैसा लागत नाही. तिला मात्र सिद्ध करत बसावं लागतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे डिजिटल पुराव्याच्या प्रमाणपत्रात फाइलचं हॅश मूल्य द्यावं लागतं. हॅश म्हणजे, सोप्या भाषेत, फाइलचा अंगठ्याचा ठसा. नंतर कुणी फाइलला हात लावला तर तो बदलतो. पण फाइल मुळात कॅमेऱ्यातून आली की संगणकात शिजली, हे काही तो ठसा सांगत नाही बरं का! त्यासाठी मूळ फोन आणि मूळ फाइल तज्ज्ञांसमोर असलेली बरी. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा पाठवलेला व्हिडिओ दाबून लहान होतो, आणि तपासणीच्या कामाचे बारकावे तिथेच गळतात. फोन जुना झाला म्हणून एक्स्चेंजमध्ये देऊन टाकायचा, ही आपली सवय अशा वेळी फार महागात पडते.