खनिकर्म आणि गूढवाद : फ्रायबेर्ग परंपरेचे स्वरूप

भूगर्भातून धातू काढणे हा एक उद्योग होय, हे विधान आज स्वयंसिद्ध वाटते. तथापि इ. स. १८०० च्या आगेमागे जर्मनीतील काही विचारवंतांनी खनिकर्माकडे साधना म्हणून पाहिले. खाणीत उतरणे हा आत्मज्ञानाच्या मार्गावरील एक विधी होय, अशी त्यांची भूमिका होती. ही परंपरा मुख्यतः खाणशास्त्राचे रीतसर शिक्षण घेतलेल्या लेखकांनी रचली. प्रत्यक्ष खाणीत राबणाऱ्यांच्या जीवनाशी तिचे नाते कोणते, हा प्रश्न तिच्या मूल्यमापनात निर्णायक ठरतो.

सॅक्सनीतील फ्रायबेर्ग येथे बाराव्या शतकात चांदीचा शोध लागला आणि १७६५ साली तेथे खाणविद्येचे विद्यालय स्थापन झाले. आब्राहाम गॉटलोब व्हेर्नर हे तेथे १७७५ पासून अध्यापन करीत. खडकांचे थर आदिसागराच्या जलातून निर्माण झाले, हा त्यांचा सिद्धांत पुढे टिकला नाही. परंतु खनिजांचे बाह्य लक्षणांवरून सूक्ष्म वर्गीकरण करण्याची त्यांची पद्धती युरोपभर मान्यता पावली. त्यांच्या शिष्यांत अलेक्झांडर फॉन हुम्बोल्ट यांच्यासारखे शास्त्रज्ञ होते, तसेच गूढवादी तत्त्वज्ञ फ्रांत्स फॉन बाडर आणि कवी नोव्हालिसही होते. विज्ञान आणि गूढवाद या दोहोंचे पोषण येथे एकाच व्याख्यानगृहात झाले.

या विचाराला जुन्या लोकसमजुतींची पार्श्वभूमी होती. धातू पृथ्वीच्या उदरात गर्भाप्रमाणे वाढतात व परिपक्व होतात, ही कल्पना युरोपात दीर्घकाळ प्रचलित होती. खाणीत ‘कोबोल्ड’ नावाचे खोडकर भूत वावरते अशी श्रद्धा होती. ‘कोबाल्ट’ या धातूचे नाव त्यावरूनच पडले. पाळीपूर्वी सामुदायिक प्रार्थना करण्याची प्रथा सॅक्सनीच्या खाणप्रदेशात रुजली होती. व्हेर्नरच्या शिष्यांनी या समजुती शास्त्र म्हणून स्वीकारल्या नाहीत. त्यांतील आशय मात्र त्यांनी तत्त्वचिंतनासाठी उचलला.

या चिंतनाचा सर्वांत परिणत आविष्कार नोव्हालिस यांच्या लेखनात आढळतो. त्यांचे मूळ नाव फ्रीडरिश फॉन हार्डेनबेर्ग (१७७२–१८०१). मिठागरांच्या प्रशासनात नोकरीस असता ते १७९७ च्या अखेरीस फ्रायबेर्ग येथे शिक्षणासाठी गेले. त्याच वर्षी त्यांची वाग्दत्त वधू मृत्यू पावली होती, हे लक्षात घेतले म्हणजे अंधार आणि भूगर्भ यांविषयीची त्यांची ओढ अधिक उलगडते. त्यांची ‘हाइनरिश फॉन ऑफ्टरडिंगेन’ ही अपूर्ण कादंबरी मरणोत्तर १८०२ साली प्रसिद्ध झाली. तिच्या पाचव्या प्रकरणात एक वृद्ध खाणकामगार आपले जीवन कथन करतो. त्याच्या गुरूचे नाव व्हेर्नर असावे, हा योगायोग नव्हे.

या कथनात विधीची सर्व अंगे क्रमाने येतात. प्रथम प्रार्थना, नंतर गुरूच्या हाताखाली दीक्षा, मग दिव्याच्या क्षीण प्रकाशात अवरोहण, आणि शेवटी धातूचे दर्शन. मात्र विधीचा कळस प्राप्तीत नसून त्यागात आहे. खाणकामगार धातू मुक्त करतो, पण त्याच्या मोहात पडत नाही; धातू बाजारात जाऊन धन बनला की त्याचे आकर्षण संपते. निसर्ग कोणा एकाची मालमत्ता होऊ इच्छीत नाही, हे या वृद्धाच्या जीवनदृष्टीचे सार होय. पुढे एका गुहेत नायकाला अपरिचित भाषेतील एक ग्रंथ सापडतो व त्यातील चित्रांत त्याला स्वतःचेच जीवन दिसते. पृथ्वीच्या अंतरंगाचा शोध अखेरीस आत्म्याच्या शोधात परिणत होतो.

भारतीय वाचकाला येथे उपनिषदांतील हृदयगुहेचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. परंतु भेद मूलगामी आहे. उपनिषदांची गुहा अंतर्मुख चिंतनाने गवसते. नोव्हालिस यांच्या गुहेचा मार्ग हातोडा, छिन्नी व खडकांचे ज्ञान यांतून जातो. येथे बाह्य निसर्गाचा अभ्यास हाच अंतर्मुखतेचा मार्ग आहे. स्वतः नोव्हालिस यांनी १८०० साली सॅक्सनीतील लिग्नाइटच्या साठ्यांच्या सर्वेक्षणात भाग घेतला, आणि या कामात व काव्यात त्यांना विरोध जाणवला नाही.

तथापि या चित्राला दुसरी बाजू आहे. स्वीडनमधील फालुन येथील तांब्याच्या खाणीत १६७७ साली गाडला गेलेला एक तरुण १७१९ साली अविकृत देहाने सापडला व त्याच्या वृद्ध झालेल्या वाग्दत्त वधूने त्याला ओळखले. फ्रायबेर्गचेच विद्यार्थी असलेल्या शूबर्ट यांनी १८०८ साली ही घटना वर्णिली, आणि हेबेल व हॉफमान यांनी तीवर कथा रचल्या. गर्भ मानलेली पृथ्वी येथे थडगे म्हणून प्रकटते. त्याहून कठोर साक्ष वैद्य आग्रिकोला यांच्या १५५६ सालच्या ग्रंथात मिळते : कार्पेथियन पर्वतातील खाणींच्या प्रदेशात सात-सात पती धुळीने जडलेल्या क्षयाला बळी पडलेल्या स्त्रिया आढळत, असे ते नमूद करतात.

या साक्षीच्या प्रकाशात वृद्ध खाणकामगाराचे वैराग्य पुन्हा तपासावे लागते. सॅक्सनीत भूगर्भातील धातूंवरील मूळ हक्क राज्यकर्त्याचा असे. कामगाराने धातूचा मोह धरला नाही हे खरे. परंतु तो धरण्याचा अधिकारच त्याला नव्हता. कवीने ज्याला अनासक्ती म्हटले, ती कायद्याच्या भाषेत वंचितता होती. तरीही ही परंपरा निरर्थक ठरत नाही. निसर्गावरील स्वामित्वाचा प्रश्न तिने मुळापासून विचारला; तो धातूच्या मालकाला विचारण्याऐवजी धातू खणणाऱ्याच्या मुखी घातला, ही तिची मर्यादा होय.