पांढरीवर आखलेले घर

मेक्सिकोतील चिचेन इत्सा पाहायला दिवसभराच्या सहलीने जाणाऱ्या माणसाला पिरॅमिड दिसतो, पंचांग दिसत नाही. एल कास्तियो या पिरॅमिडच्या चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि सर्वांत वर एक चौथरा, सगळे मिळून ३६५, हा हिशोब गाइड मांडतो तेव्हा कुठे त्या दगडी चढणीचे वर्ष होते. म्हणजे माया संस्कृतीच्या सर्वांत गाजलेल्या अवशेषांतही अर्धे काम दगड करतात आणि अर्धे वाटाड्या. हे मान्य केले, तर जिथे दगडच शिल्लक नाहीत तिथे वाटाड्याचे काम संपत नाही, उलट वाढते. पुणे जिल्ह्याच्या पूर्वेला, शिरूर आणि दौंड तालुक्यांच्या टापूत, अशी एक दिवसाची सहल भरवता येण्याजोगी आहे. तिचे मुख्य ठिकाण म्हणजे शिरूर तालुक्यातील इनामगाव. तिथे डोळ्यांत भरेल असे जमिनीवर काही उभे नाही. तरीही, किंबहुना म्हणूनच, ते वाटाड्यासह पाहण्याचे स्थळ आहे.

पुण्याच्या पूर्वेस सुमारे ८० किलोमीटरवर, घोड नदीच्या उजव्या तीरावर हे गाव आहे. आपल्याकडे पिकाच्या जमिनीला काळी आणि वस्तीच्या जमिनीला पांढरी म्हणण्याची जुनी रीत आहे. पिढ्यान्‌पिढ्यांच्या चुलींची राख, शेण, पडलेल्या कुडांची माती, हाडे आणि खापरे साठून वस्तीची माती पांढुरकी होते. पुरातत्त्वज्ञ शोधतो ती हीच पांढरीची टेकाडे. इनामगावच्या टेकाडांवर डेक्कन कॉलेजच्या ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झेड. डी. अन्सारी यांनी १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले आणि त्याचा सविस्तर अहवाल १९८८ मध्ये प्रसिद्ध झाला. इसवी सनापूर्वी सुमारे १६०० ते ७०० या नऊशे वर्षांची, एकावर एक तीन थरांत साचलेली ताम्रपाषाणयुगीन शेतकऱ्यांची वस्ती तिथे उलगडली. सर्वांत खाली माळवा संस्कृतीचा थर, त्यावर जोर्वे संस्कृतीचे दोन थर, आधी पूर्व जोर्वे आणि शेवटी उत्तर जोर्वे. एकूण १३४ घरे उजेडात आली. महाराष्ट्रातल्या पहिल्या शेतकऱ्यांबद्दल आज जे ठामपणे बोलता येते, त्यातले बरेचसे या एका गावावर उभे आहे.

त्या घरांच्या भिंती मातीच्या आणि कुडाच्या, वर गवताचे छप्पर. त्यामुळे उत्खननात हाती आल्या त्या चोपलेल्या जमिनी, खांबांच्या खळग्या, चुली, धान्याची पेवे आणि कणग्या ठेवण्याचे गोल ओटे. पण या किरकोळ खुणा एकमेकींशेजारी ठेवल्या की त्या बोलू लागतात. पूर्व जोर्वे काळातले एक घर पाच खोल्यांचे आहे आणि त्याला लागून धान्याचे कोठार आहे. त्याच घराच्या अंगणात कच्च्या मातीच्या, चार पायांच्या मोठ्या रांजणात बसवून पुरलेला एक प्रौढ पुरुष सापडला. इतर प्रौढांना उताणे, डोके उत्तरेला करून पुरलेले आहे आणि त्यांचे पाय घोट्यापाशी तोडलेले आहेत. या माणसाचे पाय मात्र शाबूत आहेत. मोठे घर, शेजारी कोठार आणि वेगळा दफनविधी या तीन खुणा जोडून ढवळीकरांनी गावाला प्रमुख होता आणि गावचे धान्य त्याच्या देखरेखीखाली साठत होते, असा निष्कर्ष काढला. निष्कर्षाइतकीच त्याच्यापर्यंत नेणारी वाटही पर्यटकाला चालता आली पाहिजे. पिरॅमिड पाहून माणूस थक्क होतो. खळगी पाहून तो विचार करू लागतो, आणि दिवस खर्ची घालावा असे सुख दुसऱ्यातही आहे.

पहिला आक्षेप उघड आहे: बघायलाच काही नसेल तर लोक कशाला येतील? याला माया प्रदेशातलेच उत्तर आहे. एल साल्वादोरमधील होया दे सेरेन हे साधे शेतकरी खेडे सुमारे १४०० वर्षांपूर्वी ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले आणि १९७६ मध्ये बांधकामासाठी जमीन उकरताना योगायोगाने सापडले. तिथे पिरॅमिड नाही, राजाची समाधी नाही. आहेत ती मातीची घरे, स्वयंपाकघरे आणि पिकांचे वाफे. तरीही १९९३ मध्ये त्याला जागतिक वारशाचा मान मिळाला आणि लोक ते पाहायला जातात. तुलना मात्र प्रामाणिकपणे करायला हवी. राखेने सेरेनच्या भिंती जपून ठेवल्या. घोडकाठच्या पावसाने आणि नांगराने तसे काही जपले नाही. म्हणून इथल्या सहलीचा क्रम उलटा हवा. आधी वस्तू, मग जागा. दिवसाची सुरुवात येरवड्याला, डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व संग्रहालयात व्हावी. चाकावर घडवलेली, लाल पृष्ठावर काळ्या रेघांची नक्षी काढलेली, टिचकी मारली तर खणखणीत वाजतील अशी जोर्वे भांडी आणि त्यांतले तोटीचे पात्र एकदा नजरेत बसले, की पुढे टेकाडाच्या कडेला दिसलेले खापर निव्वळ खापर राहत नाही.

येरवड्याहून पूर्वेला निघाल्यावर पहिला थांबा दौंड तालुक्यातील वाळकीचा. मुळा-मुठा इथे भीमेला मिळते. या संगमाजवळ डेक्कन कॉलेजलाच जोर्वे काळातली लहानशी शेतवस्ती सापडली आणि तिथे गुराच्या हाडापासून केलेला नांगराचा फाळ मिळाला. आजच्या भाषेत इनामगाव हे गावठाण, तर वाळकी ही मळ्यातली वस्ती. त्यानंतर इनामगाव गाठावे आणि तिथे भर द्यावा तो पाण्यावर. पूर्व जोर्वे काळात गावाच्या कडेने मोठा पाट खोदलेला होता आणि त्याला लागून दगडमातीचा बांध होता. नदीच्या पुराचे पाणी वळवून शेताकडे नेण्याची ही सोय असावी, असे उत्खननकर्त्यांचे म्हणणे आहे. हा टापू सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतला आणि अवर्षणप्रवण. त्यामुळे एका घराला न पेलणारे खोदकाम गावाने मिळून केले, त्यामागे कोणीतरी पुढारपण केले आणि पीक कोठारात साठले, हे सारे तुकडे एका साखळीत बसतात. आज त्याच घोड नदीवर चिंचणीला धरण आहे, त्याचे कालवे आहेत आणि त्या पाण्यावर उसाचे फड उभे आहेत. तीन हजार वर्षांपूर्वीच्या पाटाचे मोल ज्याला सर्वांत लवकर कळेल तो इथला बागायतदार, कारण पाण्याची पाळी चुकली तर काय होते हे त्याला सांगावे लागत नाही.

मग त्या गावाचे पुढे काय झाले? इसवी सनापूर्वी १००० च्या सुमारास चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या येतात, भांड्यांचा दर्जा घसरतो, शेती आक्रसते आणि खाण्यात शिकारीचा वाटा वाढतो. सुमारे ७०० पर्यंत वस्ती उठते. ढवळीकरांनी याचे कारण हवामान कोरडे होण्यात पाहिले. माया नगरांच्या ऱ्हासातही दीर्घ अवर्षण हे एक प्रमुख कारण मानले जाते, आणि नदीविना केवळ तलावांत पाणी साठवून जगलेले तिकाल नववे-दहावे शतक सरता सरता ओस पडले. इथे दुसरा आक्षेप येतो: हे तर्क आहेत, आणि गाइडच्या तोंडी तर्काची वस्तुस्थिती व्हायला वेळ लागत नाही. आक्षेप रास्त आहे, पण त्यावर उपाय मौन नव्हे. इनामगावच्या निष्कर्षांची नंतर पुन्हा तपासणी झाली आहे. ग्वेन रॉबिन्स शुग यांनी इनामगाव, नेवासे आणि दायमाबाद इथल्या बालकांच्या सांगाड्यांचा अभ्यास करून हवामान आणि ऱ्हास यांचे नाते नव्याने पारखले. त्यांचे पुस्तक २०११ मध्ये आले. वाटाड्याने ढवळीकरांचे म्हणणे सांगावे, त्यावरचा प्रतिवादही सांगावा आणि पुरावा ऐकणाऱ्यापुढे ठेवावा. चांगल्या आणि वाईट वाटाड्यातला फरक पाठांतराचा नसतो. 'सापडले ते इतके, बाकी अनुमान' ही रेघ तो कुठे मारतो, यावर तो ठरतो.

याची कसोटी दफनांपाशी लागते. इनामगावात दोनशेहून अधिक दफने मिळाली. मुलांना बहुधा घराच्या जमिनीखाली, दोन कुंभ तोंडाला तोंड लावून आडवे ठेवत आणि त्यांत पुरत. प्रौढांचे तोडलेले पाय हा तर भुताखेतांच्या गोष्टीला आयताच विषय. मेलेला माणूस परत चालत येऊ नये म्हणून पाय तोडले, हे स्पष्टीकरण नेहमी दिले जाते आणि ते शक्यही आहे. पण पुराव्यात आहेत ती तोडलेली हाडे. भीती हाडांत सापडत नाही. तसेच मातीच्या झाकणाच्या डबीत ठेवलेल्या बिनडोक्याच्या स्त्रीमूर्तीचे आणि तिच्या सोबतच्या बैलाचे. तिला देवी म्हणणे सयुक्तिक आहे, पण आजच्या एखाद्या ग्रामदेवतेचे नाव तिला चिकटवून टाकणे नाही.

तिसरा आक्षेप सहलीच्या शेवटच्या थांब्यावर येईल. दौंडजवळ भीमा ओलांडली की पलीकडच्या तीरावर, श्रीगोंदे तालुक्यात, पेडगाव आहे. यादवकालीन लक्ष्मीनारायण मंदिर आणि मोगल सुभेदार बहादूरखानाच्या तळाचा भुईकोट किल्ला तिथे आहे. १६८९ मध्ये छत्रपती संभाजी महाराजांना कैद करून याच किल्ल्यात आणले गेले आणि आज तो धर्मवीरगड म्हणून ओळखला जातो. ताम्रपाषाणयुगाच्या सहलीत मध्ययुगीन किल्ला कशाला, असे कोणी विचारील. उत्तर किल्ल्यातल्या हत्तीमोटेच्या अवशेषांत आहे. भीमेचे पाणी इतक्या खटपटीने वर चढवावे लागले, कारण नदीकाठी राहूनही पाणी वस्तीपर्यंत नेणे हा इथला जुनाच प्रश्न. वाळकीचा संगम, इनामगावचा पाट आणि पेडगावची मोट या दोन काळांतल्या तीन तजविजी एका दिवसात ओळीने पाहिल्या की कोरडवाहू मुलखाचा इतिहास राजांच्या नावांपेक्षा पाण्याच्या वाटांनी नीट समजतो. शिवाय डोळ्यांना बुरूज आणि शिल्पे हवी असतील तर तीही इथे मिळतात.

शेवटचा आक्षेप जतनाचा. लोक आले की खापरे खिशात जातील, टेकाड तुडवले जाईल. हा धोका आहेच. पण अज्ञातवासानेही टेकाडे वाचत नाहीत. माळवदावर पसरायला आणि शेतात टाकायला पांढरीची माती उचलण्याची चाल महाराष्ट्रभर होती, आणि तिच्यापायी कितीतरी जुन्या वस्त्या कोणाच्या ध्यानीमनी नसताना संपल्या. जिची ओळख गावाला आहे ती पांढरी राखली जाण्याची शक्यता अधिक. मात्र त्यासाठी सहलीने टेकाडावर चढायचे नाही, एकही खापर उचलायचे नाही आणि वाटाड्या शक्यतो त्याच गावचा, डेक्कन कॉलेजसारख्या संस्थेने तयार केलेला असला पाहिजे.

टेकाडावर चढायचे नाही, तर मग पाहायचे कुठे? उत्तर खर्चाचे नाही. टेकाडापासून दूर, गावातल्या एखाद्या मोकळ्या मैदानावर त्या पाच खोल्यांच्या घराचा आराखडा उत्खननाच्या नकाशाबरहुकूम, खऱ्या मापात, पांढऱ्या फक्कीने आखावा, कबड्डीचे मैदान आखतात तसा. इथे चूल, इथे कणगीचा ओटा, इथे कोठार, अंगणात तो रांजण. बाजूला उत्तर जोर्वे काळातली एक गोल झोपडीही आखावी. पाच खोल्यांतून फिरून आलेला माणूस त्या लहानशा वर्तुळात उभा राहिला की तीनशे-चारशे वर्षांत काय हरवले, हे त्याला पावलांनी मोजता येईल. पुतळा किंवा सिमेंटची प्रतिकृती उभारली की तर्क गोठतो. फक्कीच्या रेघेचे तसे नाही. उद्या कोणी नव्या पुराव्याने त्या घराचा अर्थ बदलला, तर जुनी रेघ पुसायची आणि दुसऱ्या दिवशीची सहल यायच्या आत नवी मारायची.